उतर म्हणेपर्यंत

दिवाळी उलटली की अमरावती-अकोला रस्त्यावरच्या बाभळींना कापूस लागतो. म्हणजे झाडाला नव्हे, काट्यांना. कापसाच्या गाड्या दोन्ही अंगांनी अशा फुगलेल्या असतात की जाता जाता प्रत्येक बाभूळ त्यातून आपला वाटा ओरबाडून घेते. मग महिना-दोन महिने त्या काटेरी फांद्यांवर पांढरे पुंजके हलत राहतात. लहानपणी मला वाटायचं, बाभळीला म्हातारपण असंच येत असेल. आता तसलाच पुंजका माझ्या डोक्यावर आहे. काटे तेवढे आतल्या बाजूला आहेत.

यंदा हा मोसम एक प्रश्न घेऊन आला.

माझी नात रेवा लग्नांमध्ये जिब चालवते. जिब म्हणजे लांबलचक दांडी. तिच्या एका टोकाला कॅमेरा, दुसऱ्या टोकाला वजनं. तो कॅमेरा वरातीच्या डोक्यावरून, फेट्यांच्या तुऱ्यांवरून, नाचणाऱ्या मामांच्या टकलांवरून तरंगत जातो आणि नवरीच्या नाकातल्या नथीपाशी येऊन थांबतो. वजनं म्हणून ही पोट्टी व्यायामशाळेतल्या लोखंडी चकत्या लावते. मला भारी हसू येतं. तर अशा रेवाला मुंबईच्या एका सिनेमाच्या क्रेनवाल्यांनी बोलावलं होतं. चार दिवसांनी परत आली, बॅग खाटेवर टाकली आणि बूटही न काढता म्हणाली, "आजी, खरं सांग. आबा साखळी विसरले होते का?"

तिथल्या म्हाताऱ्या वस्तादाला तिनं मोठ्या अभिमानानं आजोबांचं नाव सांगितलं होतं. तो म्हणाला, "मनोहर? अमरावतीवाला? चेन भूल गया था, वही ना?" त्यानं तिला कामावर घेतलं. पण रूळ अंथरायचे, ट्रॉली ढकलायची, एवढंच. वजनांना आणि साखळीला हात लावायचा नाही. म्हणे, घराण्यात विसरभोळेपणा असतो.

"मी त्याहिचं नावच घ्यायला नको होतं," रेवा म्हणाली. "पुढच्या डावी नाही घेणार."

मी म्हटलं, "थांब वो, भाजी करपून राहिली," आणि उठून स्वयंपाकघरात गेले. भाजी करपत नव्हती. मी गॅससुद्धा पेटवला नव्हता. ओट्याला टेकून उभी राहिले आणि रिकाम्या कढईत झारा फिरवत बसले. तिच्या प्रश्नाचं उत्तर चाळीस-बेचाळीस वर्षं माझ्या तोंडात आहे. इतक्या वर्षांत दात पडले, पण ते काही पडलं नाही.

*

आमच्या ह्यांचे वडील अकोल्याच्या एका जिनिंग-प्रेसिंगमध्ये कामाला होते. म्हणजे हे लोखंड आणि कापूस यांच्या मधोमध वाढले. एकदा कापसाच्या गाठींच्या ट्रकवर बसून मुंबईला गेले, आणि गाठी उतरल्या तिथं स्वतःही उतरले. परत चढलेच नाहीत. एका स्टुडिओत रूळ वाहण्यापासून सुरुवात केली. सात-आठ वर्षांत क्रेनच्या दांडीमागे उभे राहायला लागले. तेव्हाची क्रेन रेवाच्या खेळण्यासारखी नव्हती. पुढच्या टोकाला लोखंडी चौथरा, त्यावर कॅमेरा आणि कॅमेरामनला बसायला खुर्ची. जिवंत माणूस वर जायचा आणि जिवंतच खाली यावा लागायचा.

स्थळ सांगणाऱ्या मध्यस्थानं "मुलगा सिनेमात आहे" एवढंच सांगितलं. मी पुढचं ऐकलंच नाही. मी तेव्हा अकोल्याला बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला दुसऱ्यांदा होते आणि स्वतःला नटी समजत होते. डावीकडून पाहिलं तर थोडी दिसतही होते, म्हणून फोटो काढणाऱ्याला माझ्या डाव्या बाजूला उभं करायची. मुलगा पाहायला आला तेव्हा त्याच्या नखांत काळं वंगण होतं. मी मनाची समजूत घातली, मेकअपचं असेल.

लग्नानंतर आठ दिवसांनी विचारलं, "तुमी नेमकं करता काय?"

हे म्हणाले, "भाजीवाल्याचा तराजू पाह्यला ना तू? तसाच हाये, फक्त एक बाजू लांब. लांब बाजूवर साहेब आन् कॅमेरा. मांगच्या टोपल्यात वजन. दोन्हीकडचं इतकं सारखं करायचं की एका बोटानं साहेब आभायात गेला पायजे."

"मंग? वजन तं वजनानं झालं. तुमी काय केलं?"

"मी काही केलं असं कोनाले वाटू नाही दिलं," हे म्हणाले. "ज्या दिवशी पाहनाऱ्याले क्रेन दिसली, त्या दिवशी मी फेल."

आज हे वाक्य आठवलं की अंगावर काटा येतो. त्या दिवशी काय आलं असेल? जांभई. मी मनात म्हटलं, हे काय काम आहे? दिसलं तर नापास!

मी तर दिसण्यासाठी जन्माला आले होते. हे वर्षातले आठ-नऊ महिने मुंबईला किंवा कुठं कुठं बाहेर. मी अमरावतीला सासूजवळ. गल्लीतल्या बायांना मी सांगून टाकलं, "आमचे हे कॅमेरामन आहेत." बायांनाही ते आवडलं. मग ह्यांचा पहिला मोठा सिनेमा टॉकीजला लागला तेव्हा अर्धी गल्ली घेऊन गेले. नावं सुरू झाली. कॅमेरा आला, भलत्याच माणसाचं नाव. संगीत आलं, वेशभूषा आली, केस विंचरणाऱ्या बाईचंही आलं. ह्यांचं नाव काही येईना. शेजारच्या कमलबाईनं अंधारातच विचारलं, "वो, तुमचे हे कधी येतीन?" मी म्हटलं, "थांबा, ते शेवटी येतात, मोठी माणसं शेवटी येतात." सिनेमा संपला, पडदा पडला, झाडूवाला आला. मोठी माणसं आली नाहीत.

घरी आल्यावर ह्यांना खरमरीत पत्र लिहिलं. त्यावर ह्यांचं उत्तर आलं: 'मध्यंतरानंतर विहिरीवरच्या गाण्यात कॅमेरा विहिरीच्या तळातून वर येतो आणि शिवार दिसते. तेथे मी आहे. पुन्हा जाशील तर पाहा.' मी पुन्हा गेले, एकटी. कॅमेरा अंधारातून वर आला, विहिरीचा काठ सरकला, आणि सगळं शिवार असं हळूच उलगडलं की आपलाच श्वास कोणी उचलून धरलाय असं वाटलं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मी ते पुसलं, आणि बाहेर येऊन कमलबाईला सांगितलं, "ह्यांचं नाव गाळलं हो त्या लोकांनी, केस करणार आहोत आम्ही."

असली बाई होते मी. डोळ्यांत आलेलं पाणीसुद्धा मी खोट्याच्या भांड्यात भरून ठेवलं.

*

आणि मग तो मोसम आला. हाच. मूर्तिजापूरच्या अलीकडे माझ्या मावशीचं शेत होतं. सिनेमावाल्यांना पांढरंफेक शिवार हवं होतं आणि ह्यांनी मावशीच्या शेताचं नाव सुचवलं. आयुष्यात पहिल्यांदा नवरा, क्रेन आणि माझे सगळे नातेवाईक एका ठिकाणी येणार होते. मी बाळाला सासूजवळ ठेवलं आणि निघाले.

आदल्या दिवशीच ह्यांनी बजावलं होतं, "सुती लुगडं नेसून येजो. तिथी वारा हाये, काटे हायेत, लोखंड हाये." मी काय नेसले? गुलाबी नायलॉन. शिवारात! भर वेचणीत! बाया कमरेला ओट्या बांधून बोंडातून कापूस काढत होत्या, त्यांच्या बोटांना बोंडांची टोकं लागून लागून रक्त येत होतं, आणि मी मधून चालले होते जणू माझ्यासाठीच हे सगळं पांढरं अंथरलंय. मावशीनं पाहिलं आणि कपाळाला हात लावला. "मायबाई! हे काय पतंग बनून आली वो?"

सकाळभर मी क्रेन पाहिली. म्हणजे पहिल्यांदाच पाहिली. हे दांडीमागे उभे होते, अनवाणी. पायाला जमीन कळली पाहिजे म्हणे. कॅमेरामन साहेब खुर्चीत बसले की हे त्यांच्या वजनाच्या लोखंडी पाट्या मागच्या टोपल्यात एक एक करून ठेवायचे. एक बोट दांडीला लावायचे. पुन्हा एक पाटी. पुन्हा बोट. आणि मग ते एवढं मोठं धूड सायीसारखं हलायचं. शॉट संपला की दांडी खाली. साहेब खुर्चीतच बसून. मोठे साहेब ते, सगळ्यांवर ओरडणारे. पण खाली आल्यावर शाळकरी पोरासारखे हात मांडीवर ठेवून बसायचे. हे पुढे जाऊन चौथऱ्याची साखळी खालच्या ट्रॉलीला अडकवायचे, ओढून पाहायचे, आणि म्हणायचे, "उतरा." तेव्हा कुठं साहेब पाय खाली ठेवायचे. सकाळभरात कितीदा तरी झालं असेल, पण एकदाही साहेब आधी उतरले नाहीत. कारण सोपं होतं. पुढचा माणूस उतरला की पुढची बाजू हलकी होते. मागचं वजन धाडकन खाली येतं आणि पुढचं टोक उडतं. साखळी नसेल तर.

हे मला समजलं नव्हतं असं मी कोणाला सांगू शकत नाही. समजलं होतं. मी बी.ए.ला दोनदा बसलेली बाई होते.

दुपारी सगळं युनिट मंडपात जेवायला गेलं. कॅमेरा काढून ठेवला होता. हे क्रेनजवळच भाकरी-ठेचा खात बसले होते.

"अवो, मले एक डाव वर न्या ना."

"तू का कॅमेरा हायेस?"

"कॅमेऱ्यापेक्षा चांगली दिसतो मी."

"तं मंग कॅमेऱ्यासारखी गप बसशीन?"

"बसतो नं वो. सारे जेवून राहिले, कोन पाह्यते?"

हे हसले. तसं हसू मी नंतर पाहिलं नाही. हात धुतले, मला खुर्चीत बसवलं आणि बोट उगारून म्हणाले, "आयकून घे. खाली आलो की मी समोर येऊन साखळी लावतो. मंग 'उतर' म्हनतो. मी म्हनल्याबिगर पाय खाली ठेवजो नको. समोर देव आला तरी."

"देव आला तं?"

"त्यालेही सांगजो, थांब म्हना जरासा."

मग पाट्या टाकायला लागले. एक, दोन, तीन, चार मोठ्या. मग एक लहान. बोट लावलं. लहान काढून त्याहून लहान टाकली. मी विचारलं, "किती भरली मी?" म्हणाले, "सांगतलं तं तू आज जेवशीन नाही."

आणि मी वर गेले.

मी पुढे विमानात बसले, मुलानं नेलं होतं. त्यात काही नाही. विमानात आपण डब्यात असतो. त्या खुर्चीत माझ्या आणि आभाळाच्या मध्ये काहीच नव्हतं. खाली पांढरं शिवार, त्यात ठिपक्यांसारख्या बाया, मावशीच्या गोठ्यावरचे टिनाचे पत्रे, लांब मूर्तिजापूरकडे जाणारी मालगाडी, आणि माझ्या डोळ्यांच्या पातळीवर एक तुरेवाली चिमणी. ती क्षणभर थांबली. तिला बहुतेक नायलॉन कळेना. मी खाली पाहिलं. ह्यांचं तोंड वर होतं. मला वाटलं, माझ्याकडे पाहून राहिले. मी हात हलवला. ह्यांनी हलवला नाही. ते दांडीकडे पाहत होते, दांडी किती वाकतेय, वारा किती आहे. मला राग आला, आपण एवढ्या उंच आणि ह्यांचं लक्ष लोखंडात. दांडीकडे पाहणं म्हणजेच माझ्याकडे पाहणं होतं, हे कळायला मला फार वर्षं लागली.

खुर्ची खाली आली. हे मागच्या बाजूला, उंच गेलेल्या टोपल्याखाली उभे होते. म्हणाले, "बसली राय, आलो साखळी लावाले."

तेवढ्यात बांधावर नटीची गाडी येऊन थांबली. पांढरी गाडी. दार उघडलं. आत एक हात दिसला, त्यात बांगड्या.

देव आला असता तर मी थांबले असते हो. नटी आली.

मी उडी मारली. कुठं? तर दोन पावलांवर. ह्यांची हाक आली, "थांब!" तोवर खुर्ची माझ्या मागून वर सुटली होती, आणि माझा पदर तिच्या दांड्यात अडकला होता. नायलॉन फाटत नाही लवकर. चांगल्या दुकानातलं होतं. पदरानं मला गळ्याखाली, काखेत आवळलं आणि माझ्या टाचा जमिनीवरून सुटल्या. पुढचं मी पाहिलं नाही, फक्त ऐकलं. कोणी तरी पोतं टाकल्यासारखा आवाज आणि ह्यांच्या तोंडून हवा निघून गेल्यासारखा 'हं'. खुर्ची थबकली, पदर फाटला, मी खाली पडले.

ह्यांना बाजूला सरकता आलं असतं. एका पावलाचं अंतर होतं. ते सरकले नाहीत. वरून येणाऱ्या टोपल्याखाली त्यांनी उजवा खांदा दिला. पाच पाट्या माझ्याच वजनाच्या.

*

ताटं हातात घेऊन लोक धावत आले. मॅनेजर ओरडत होता, "कौन बैठा था? कौन बैठा था ऊपर?" मी ट्रॉलीपलीकडे फाटका पदर धरून उभी होते. माझ्या तोंडात जीभ होती. हीच जीभ, जी कमलबाईला केस करणार म्हणून सांगून आली होती. ह्यांनी जमिनीवर पडल्या पडल्या माझ्याकडे एकदा पाहिलं आणि म्हणाले, "कोई नहीं, साब. मैं अकेला देख रहा था. चेन लगाना भूल गया."

सगळे गप्प झाले. ती कसली शांतता होती हे मला तेव्हा कळलं नाही. क्रेनवाल्याचा हात मोडणं ही वाईट गोष्ट असते. क्रेनवाला साखळी विसरणं ही वेगळी गोष्ट असते. 'बायकोला वर नेलं होतं' म्हणाले असते तर शिव्या बसल्या असत्या, कदाचित त्या सिनेमातून काढलंही असतं. पण उद्या त्यांच्या क्रेनवर बसायला कोणी घाबरलं नसतं. मावशीच्या शेतात, माझ्या माहेरच्या माणसांपुढे माझी फजिती होऊ नये म्हणून त्यांनी आपल्या हाताचं नाव देऊन टाकलं. आणि मी ते घेतलं. प्रसाद घ्यावा तसं, दोन्ही हातांनी.

अकोल्याच्या दवाखान्यात खांदा बसवला. मावशी डबा घेऊन आली तेव्हा म्हणाली, "तुया नवऱ्याचं ध्यान कुठी राह्यते वो?" मी म्हटलं, "हो नं." 'हो नं' म्हटलं मी! हे भिंतीकडे तोंड करून पडले होते. झोपले नव्हते.

प्लॅस्टर निघालं. हात कानाच्या वर जाईना, पण डावा चांगला होता, आणि काम तर बोटाचं होतं. ह्यांनी पत्रं टाकली, एकदा मुंबईला जाऊन परतही आले. एक आलं, त्या मोठ्या कॅमेरामन साहेबांचं. मी वाचून दाखवलं, कारण ह्यांना हिंदी वाचायला वेळ लागायचा. लिहिलं होतं की तुझ्या हातावर माझा भरवसा आहे, पण माझ्या युनिटची माणसं तुझ्या क्रेनवर बसायला तयार नाहीत. पत्र संपलं. हे म्हणाले, "बरोबर हाये त्याहिचं. मीही बसलो नसतो."

पाच ओळींचं पत्र लिहायचं होतं मला. त्या साहेबांचा पत्ता माझ्या हातात होता, त्याच कागदावर, वरच्या कोपऱ्यात. मला लिहिता येत होतं, आणि खरमरीत लिहिता येत होतं. मी लिहिलं नाही. लाजेपोटी, भीतीपोटी असं इतकी वर्षं स्वतःला सांगत आले. आज सांगते, तेवढंच नव्हतं. मला बरं वाटलं होतं. नवरा घरी आला होता. संध्याकाळी भाजी आणायला कोणी होतं, बाळ बापाला ओळखायला लागलं होतं, गल्लीत माझं कुंकू दिसत होतं. मी देवाजवळ दिवा लावायची आणि मनातल्या मनात म्हणायची, झालं ते बऱ्यासाठीच झालं. कोणाच्या बऱ्यासाठी, ते दिव्यानं कधी विचारलं नाही.

ह्यांनी अमरावतीला काटे दुरुस्तीचं दुकान टाकलं. किराणावाल्यांचे तराजू, दाणे मोजायचे, सोनारांचे लहानसे. डाव्या हातानं पारडी टांगायचे, एक बोट लावायचे आणि थांबायचे. त्या थांबण्यात त्यांचा चेहरा मुंबईचा व्हायचा. मग बोट काढायचे. "घ्या बापू, झाला."

तो मावशीच्या शेतातला सिनेमा आला. क्रेनवर दुसरा कोणी. आम्ही दोघं पाहायला गेलो. पांढरं शिवार आलं आणि कॅमेरा वर निघाला. अंधारात मला शेजारी काही हलल्यासारखं वाटलं. ह्यांचा डावा हात खुर्चीच्या दांड्यावरून सावकाश वर उठत होता, एक बोट पुढे करून, पडद्यावरच्या शिवाराच्या बरोबरीनं. शेवटी कॅमेऱ्याला जरासा झटका लागला. कोणाच्या लक्षात आला नसेल. ह्यांचा हात हवेत तसाच थांबला. मग खाली आला. घरी येताना म्हणाले, "शेवटी घाई केली त्यानं." त्याहून जास्त काही नाही. त्यानंतर मी सिनेमाला जायचं टाळायला लागले. म्हणायची, डोकं दुखतं.

*

आणि स्कूटर. ते सांगायचंच राहिलं.

खांदा बरा झाल्यावर ह्यांनी जुनी स्कूटर घेतली. पहिल्यांदा बाजारात गेलो. स्कूटर थांबली तशी मी सवयीनं टुणकन उतरायला गेले. ह्यांनी मागे हात करून मला थोपवलं. "थांब." स्टँड लावला. स्कूटर हलवून पाहिली. मग म्हणाले, "उतर."

बस. त्या दिवसापासून शेवटपर्यंत, 'उतर' म्हटल्याशिवाय मी त्या स्कूटरवरून उतरले नाही. लग्नाच्या मंडपापुढे, दवाखान्यापुढे, भर पावसात, बाया हसत असताना, मी मागे हात मांडीवर ठेवून बसून राहायची. मुलं चिडवायची, "आई, तू का महाराणी हायेस का?" मी हसायची. ह्यांच्याशी त्या दिवसाबद्दल मी कधी बोलले नाही, हेही माझ्याशी नाही. हे एवढंच आमचं बोलणं. ते 'उतर' म्हणायचे आणि मी उतरायची. कधी कधी म्हातारपणी स्टँड लावून मिश्कीलपणे मागे पाहायचे आणि म्हणायचे, "आता सहा पाट्या लागतीन तुले." तेव्हा मला वाटायचं की आज सांगावं, मी त्या साहेबांना पत्र लिहिलं असतं तर? पण तोवर ते म्हणून जायचे, "उतर." आणि मी भाजीची पिशवी घेऊन उतरायची.

सहा वर्षांपूर्वी, याच दिवसांत, ते गेले. मला 'उतर' म्हणेपर्यंत थांबायला शिकवलं, पण स्वतः कोणाची वाट न पाहता उतरून गेले.

*

काल रेवा म्हणाली, "चाल आजी, बाभळीचा कापूस पाहून येऊ, दरवर्षी जातेस ना." तिच्या स्कूटीवर मागे बसले. मूर्तिजापूरच्या अलीकडे, मावशीच्या शेताच्या बांधापाशी, मीच थांबवलं. शेत आता दुसऱ्यांचं आहे. कापूस मात्र तोच, पांढराफेक. रेवानं स्टँड लावला. "आजी, उतर."

मी उतरले नाही.

"उतर ना वो. पाय आखडले का?"

"आधी आयक," मी म्हटलं. आणि तिथंच, मागच्या सीटवर बसून, सगळं सांगितलं. गुलाबी नायलॉनपासून 'हो नं' पर्यंत. हसवायचा प्रयत्न केला, सवय आहे. नटीच्या बांगड्यांपाशी मी हसलेसुद्धा. रेवा हसली नाही. ऐकून झाल्यावर तिनं फक्त विचारलं, "म्हणजे साखळी विसरलेच नव्हते?"

"नाही."

"आन् तुले सारं माहीत होतं."

"हो."

ती शेताच्या कडेकडेनं चालत गेली. मग परत आली तेव्हा तिच्या हातात फोन होता, लावलेला. "वस्ताद आहेत," ती म्हणाली. "सांग. त्याहिले सांग. नाव घेऊन सांग."

मी हिंदीतून सांगितलं. माझं नाव सांगितलं, ह्यांचं सांगितलं. म्हटलं, खुर्चीत मी होते. साखळी लावायला ते येतच होते, मी थांबले नाही. मग म्हातारा मराठीत म्हणाला. त्याला मराठी येत होतं तर.

"बाई, हे तेव्हा सांगायचं होतं. आम्ही सगळ्यांनी त्याला साखळीवाला म्हटलं. त्याच्या तोंडावर म्हटलं."

"हो," मी म्हटलं. यावेळचं 'हो' खरं होतं.

"पोरीला पाठवा," तो म्हणाला. "वजनं तिला देतो." आणि फोन ठेवला.

रेवानं फोन खिशात टाकला. माझ्याकडे पाहिलं नाही. तिनं स्कूटीचा स्टँड एकदा पायानं दाबला, गाडी हलवून पाहिली, थेट तिच्या आजोबांसारखी. तिला कोणी शिकवलं नव्हतं ते. मग बांधावर जाऊन बसली आणि बोंडातून निघालेला एक कापसाचा पुंजका बोटांनी विंचरत राहिली.

एक कापसाची गाडी गेली. बाभळीनं आपला वाटा घेतला. माझे पाय जमिनीपासून वीतभर वर लोंबत होते, हात मांडीवर होते. रेवानं अजून पुन्हा 'उतर' म्हटलं नव्हतं.

मी बसून राहिले.